डेंटल असिस्टंटला पुढची, जबाबदारीची कामे करायची असतील तर: पुण्यातल्यांसाठी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दवाखान्यात दोन-चार वर्षे काढलेल्या असिस्टंटना साधारण एकच गोष्ट हवी असते: हातात असलेल्या कौशल्याला कागदाचा आधार. कोणत्या कागदाने नेमकी कोणती कामे करता येतात, हे मात्र क्लासच्या जाहिरातीत कुठेच लिहिलेले नसते. म्हणून खालची उत्तरे जरा सविस्तर दिली आहेत.

"ॲडव्हान्स डेंटल असिस्टंट" असे सरकारमान्य प्रमाणपत्र मिळते का?

रुग्णाच्या तोंडात जास्तीची कामे करायला परवानगी देणारे, असिस्टंटसाठीचे असे प्रमाणपत्र आपल्याकडे नाही. अमेरिकेतल्या काही राज्यांत "एक्सपांडेड फंक्शन", म्हणजे अशी जास्तीची कामे करायला परवानगी असलेले असिस्टंट असतात. तिथले व्हिडिओ बघून तोच कोर्स पुण्यात कुठे मिळेल अशी विचारणा सतत होते. आपल्या १९४८ च्या दंतवैद्यक कायद्याने तीनच प्रकारच्या लोकांची नोंदणी ठरवली: दंतवैद्य, डेंटल हायजिनिस्ट (दात साफ करणारे) आणि डेंटल मेकॅनिक (कवळी-कॅप बनवणारे). असिस्टंट त्यात नाही. १९४८ च्या कायद्याची जागा घेणारा राष्ट्रीय दंत आयोगाचा कायदा संसदेने २०२३ मध्ये मंजूर केला आहे, तेव्हा कोणताही अर्ज भरण्याआधी महाराष्ट्र राज्य दंत परिषदेचे ताजे परिपत्रक वाचून घ्या.

थोडक्यात वाटा दोन. तोंडात स्वतःच्या हाताने काम करायचे असेल तर हायजिनिस्टचा दोन वर्षांचा डिप्लोमा आणि राज्य परिषदेत नोंदणी. तसे नसेल तर असिस्टंट राहूनच निर्जंतुकीकरण, शस्त्रक्रियेतली मदत, साहित्य तयार करणे, आपत्कालीन मदत यांत पक्के व्हायचे आणि प्रत्येकाचे वेगळे प्रशिक्षण घ्यायचे. दुसरी वाट कमी दर्जाची मुळीच नाही. चांगली सर्जिकल असिस्टंट मिळत नाही म्हणून इम्प्लांटच्या (जबड्याच्या हाडात कृत्रिम दात बसवण्याच्या) तारखा पुढे ढकलणारे दवाखाने या शहरात आहेत.

मग दवाखान्यात मी नेमके काय करायचे नाही?

स्केलिंग, पॉलिशिंग, दात साफ करणे ही कामे नोंदणीकृत दंतवैद्याची किंवा हायजिनिस्टची. भूल देणे फक्त डॉक्टरांचे. दात, जबडा आणि तोंडाचे एक्स-रे काढणे हे कायद्यातल्या दंतवैद्यकाच्या व्याख्येतच बसते, आणि कवळी किंवा कॅप बसवण्यासाठी तोंडात जे काही करावे लागते तेही. त्यामुळे "मॅडम दुसऱ्या पेशंटमध्ये आहेत, तोवर तू माप घेऊन टाक" ही सवय तुमच्या अंगावर येणारी आहे. काही बिघडले तर "डॉक्टरांनी सांगितले होते" एवढ्याने तुमची सुटका होत नाही.

तुमची कामे कोणती? तोंडात सक्शन (पाणी-लाळ ओढून घेणारी नळी) धरणे, गाल-जीभ बाजूला ठेवणे, अवजारे हातात देणे, सिमेंट आणि मापाचे साहित्य कालवणे, सेन्सर व होल्डर तयार करणे, ट्रे मांडणे, निर्जंतुकीकरण, नोंदी, लॅबला केस पाठवणे, उपचारानंतरच्या सूचना डॉक्टरांनी ठरवल्याप्रमाणे समजावून सांगणे. यादी साधी दिसते, पण उपचार यशस्वी होतो की फसतो याचा बराच भाग हिच्यातच आहे.

हायजिनिस्ट व्हायला काय लागते?

बारावी विज्ञान, भौतिकशास्त्र-रसायनशास्त्र-जीवशास्त्रासह. डिप्लोमा दोन वर्षांचा, आणि तो मान्यताप्राप्त डेंटल कॉलेजातच व्हायला हवा. पुण्यात धनकवडीचे भारती विद्यापीठ, पिंपरीचे डॉ. डी. वाय. पाटील, वडगावचे सिंहगड आणि आझम कॅम्पसमधले रंगूनवाला ही डेंटल कॉलेजे आहेत. सरकारी डेंटल कॉलेजे मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहेत. कॉलेजात बीडीएस चालते म्हणून तिथे हायजिनिस्टचा वर्ग चालतोच असे धरून चालू नका. प्रवेश कार्यालयात जाऊन दोन गोष्टी लेखी मागा: या वर्षी या अभ्यासक्रमाला मान्यता आहे का, आणि मागच्या तुकडीची राज्य परिषदेत नोंदणी झाली का. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर गुळमुळीत आले तर तिथे पैसे भरू नका.

पास झाल्यावर डिप्लोमा हातात असणे पुरेसे नाही. महाराष्ट्र राज्य दंत परिषदेच्या नोंदवहीत नाव चढल्यावरच काम सुरू करायचे. अर्जात नाव दहावीच्या गुणपत्रिकेप्रमाणे अक्षरशः तसेच लिहा. लग्नानंतर नाव बदलले असेल तर राजपत्रातली नोंद किंवा विवाह नोंदणी प्रमाणपत्र आधीच काढून ठेवा. नाव जुळले नाही की अर्ज अडकतो.

माझी बारावी आर्ट्समधून झाली आहे. आता काय?

विज्ञानाचे विषय घेऊन बारावी पुन्हा करता येते. राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेतूनही (एनआयओएस) हे विषय प्रात्यक्षिकासह देता येतात. मात्र ज्या कॉलेजात जायचे त्यांना ही बारावी चालते का, हे परीक्षेचा फॉर्म भरण्याआधीच लेखी विचारा.

नोकरी सोडणे शक्य नसेल तर आहे त्या जागेवरून सुरुवात करा. पहिले प्रशिक्षण बीएलएसचे, म्हणजे हृदय किंवा श्वास थांबल्यावर जीव वाचवण्याच्या प्राथमिक मदतीचे घ्या. ते एका दिवसाचे असते आणि अमेरिकन हार्ट असोसिएशनचे कार्ड दोन वर्षे चालते. छातीवर मिनिटाला १०० ते १२० वेळा, ५ ते ६ सेंटिमीटर खोल दाब द्यायचा आणि ३० दाबांमागे २ श्वास, हे पुतळ्यावर हाताने करून शिकावे लागते. दुसरे प्रशिक्षण संसर्ग नियंत्रण आणि जैववैद्यकीय कचऱ्याचे. तिसरे, ज्या शाखेत दवाखान्याचे काम जास्त असेल तिचे: इम्प्लांट, लहान मुलांचे दात किंवा ऑर्थो (वाकडे दात सरळ करणे).

क्लास निवडताना काय बघायचे?

"परदेशात चालणारे प्रमाणपत्र", "शंभर टक्के नोकरी", "घरबसल्या डेंटल हायजिनिस्ट" असे शब्द दिसले की तिथून निघा. चालू वर्गात बसायला मागा. शिकवणारी व्यक्ती नोंदणीकृत दंतवैद्य आहे का, खुर्ची चालू स्थितीत आहे का, ऑटोक्लेव्ह (वाफेने अवजारे निर्जंतुक करणारे यंत्र) शिकाऊंच्या हातात देतात का, आणि किमान काही आठवडे खऱ्या दवाखान्यात बसवतात का, हे बघा. फीची पावती संस्थेच्या नावाची हवी. प्रमाणपत्रावर तासांची संख्या आणि शिकवलेले विषय छापलेले असतील तर पुढच्या नोकरीत त्याला वजन येते. नुसते "डिप्लोमा" असे सोनेरी अक्षरात लिहिलेले असेल तर नाही.

फोर-हँडेड काम, म्हणजे डॉक्टर आणि असिस्टंटने चार हातांनी मिळून करायचे काम, नीट जमत नाही. डॉक्टरांना सारखे मान वाकवून बघावे लागते.

बहुतेक वेळा चूक बसण्यात असते. रुग्णाचे तोंड हे घड्याळाची तबकडी समजा आणि डोके १२ वर ठेवा. उजव्या हाताने काम करणारे डॉक्टर ७ ते १२ या भागात फिरतात, तुम्ही २ ते ४ मध्ये बसता. अवजारांची देवाणघेवाण ४ ते ७ मध्ये, म्हणजे रुग्णाच्या हनुवटीखाली, छातीच्या वर. डोळ्यांवरून कधीच नाही. १२ ते २ मध्ये ट्रॉली.

तुमचे डोळे डॉक्टरांच्या डोळ्यांपेक्षा १० ते १५ सेंटिमीटर वर असायला हवेत. असिस्टंटच्या स्टुलाला खाली पाय टेकवायची कडी असते ती यासाठीच. अनेक दवाखान्यांत हे स्टूलच नसते आणि असिस्टंट दिवसभर उभी राहते. कंबर जाते आणि नजरही पोचत नाही. नवीन नोकरी घेताना स्टूल आहे का, हे जरूर विचारा.

सक्शनचे टोक दाताच्या मागच्या कडेला, दातापासून थोडे दूर, आणि एअरोटर (दात कोरायचे यंत्र) तोंडात जायच्या आधी. मऊ टाळूला किंवा जिभेच्या मागच्या भागाला टोक लागले की रुग्णाला ओकारीची उबळ येते. सक्शनने गालाची आतली त्वचा ओढली तर झटका देऊन सोडवू नका. आधी झडप बंद करा, मग काढा.

ऑटोक्लेव्ह रोज लावते. त्यात शिकण्यासारखे आणखी काय आहे?

खूप. दवाखान्यात जबाबदारी वाढवून घ्यायची असेल तर सुरुवात इथूनच करा, कारण हे काम पूर्णपणे तुमचे आहे आणि चूक झाली तर ती डोळ्यांना दिसत नाही.

सुरुवात धुण्यापासून. रक्त वाळलेले अवजार वाफेने निर्जंतुक होत नाही, कारण वाळलेल्या थराखाली वाफ पोचत नाही. वापर झाला की अवजारे एन्झाइमच्या द्रावणात टाका, मग अल्ट्रासोनिकमध्ये (ध्वनिलहरींनी अवजारे धुणाऱ्या यंत्रात) ५ ते १० मिनिटे, झाकण लावून. बिजागरी असलेली फोर्सेप्स आणि कात्र्या उघड्या ठेवा. मग स्वच्छ पाण्यात खळबळून पूर्ण कोरडी करा. ओली अवजारे पाऊचमध्ये (एका बाजूने कागद, दुसऱ्या बाजूने प्लास्टिक असलेल्या पाकिटात) गेली की कागद भिजतो, आणि भिजलेल्या कागदातून जंतू आत जातात.

पाऊच भरताना पाऊण भागापेक्षा जास्त भरू नका आणि टोकदार अवजारांची टोके झाकून घ्या. तारीख, फेरीचा क्रमांक आणि तुमची आद्याक्षरे प्लास्टिकच्या बाजूला किंवा सीलच्या बाहेरच्या पट्टीवर लिहा. कागदावर लिहिले तर शाई आत झिरपते. ट्रेमध्ये पाऊच एकावर एक आडवे रचायचे नाहीत, उभे लावायचे, म्हणजे मधून वाफ फिरते. सायकल संपल्यावर पाऊच ओला निघाला तर तो निर्जंतुक नाही असे समजून पुन्हा लावायचा. उन्हात किंवा पंख्याखाली वाळवून कपाटात ठेवणे ही सर्रास दिसणारी आणि धोकादायक सवय आहे.

साधा, कुकरसारखा उभा ऑटोक्लेव्ह असेल तर १२१ अंशांवर, १५ पौंड दाबाला, पाऊचमधल्या अवजारांना ३० मिनिटे. वेळ मोजायची ती तापमान गाठल्यापासून, बटण लावल्यापासून नाही. सुरुवातीला झडप उघडी ठेवून आतली हवा पूर्ण बाहेर जाऊ द्यायची. हवा अडकली तर काटा १५ पौंड दाखवतो पण आतले तापमान १२१ पर्यंत जातच नाही. शिवाय पुणे समुद्रसपाटीपासून सुमारे ५६० मीटर उंचावर आहे. त्यामुळे काट्यावर १५ पौंड असताना इथे तापमान मुंबईपेक्षा साधारण एक अंशाने कमी पडते. म्हणून तापमानाचा काटा असलेलेच यंत्र घ्यायला सांगा आणि त्याच्याकडे बघून वेळ लावा.

एअरोटर आणि सक्शनच्या नळ्यांसारख्या पोकळ गोष्टींना क्लास बी, म्हणजे आधी हवा ओढून घेणारे यंत्र लागते. त्यात १३४ अंशांना ३ ते ४ मिनिटे. एअरोटर आत टाकण्याआधी तेल घालून काही सेकंद चालवा आणि जास्तीचे तेल बाहेर काढा. नाहीतर तेल आतच भाजते आणि बेअरिंग लवकर जाते.

ऑटोक्लेव्हच्या टेपवरच्या रेघा काळ्या झाल्या, मग निर्जंतुक झाले ना?

नाही. टेप एवढेच सांगते की पाकीट गरम झाले. वेळ, तापमान आणि वाफ या तिन्हींवर रंग बदलणारा पाचव्या प्रकारचा निर्देशक पाऊचच्या आत, मधोमध ठेवा. जंतू खरोखर मेले का हे फक्त स्पोअर टेस्ट सांगते. त्या पट्टीवर जिओबॅसिलस स्टिअरोथर्मोफिलस या उष्णतेला सर्वांत चिवट जंतूचे बीजाणू असतात. आठवड्यातून एकदा, भरलेल्या यंत्रात, जिथे वाफ सर्वांत उशिरा पोचते तिथे ठेवायची. सोबत यंत्रात न घातलेली एक पट्टीही उबवायला द्यायची. तिच्यावर जंतू वाढले नाहीत तर टेस्टच बाद. क्लास बी यंत्राला याशिवाय हेलिक्स टेस्ट लागते, म्हणजे पोकळ नळीच्या आतपर्यंत वाफ पोचते का याची तपासणी.

स्पोअर टेस्ट फसली तर यंत्र बंद, डॉक्टरांना लगेच सांगायचे, आणि मागच्या चांगल्या टेस्टनंतरच्या सगळ्या पाकिटांवर पुन्हा प्रक्रिया. हे करायचे तर फेरीचा क्रमांक लिहिलेला असायलाच हवा.

गुरुवारी पाणी बंद असते. त्याचा दवाखान्यात काय परिणाम?

पुणेकरांना हे वेगळे सांगायला नको. महापालिकेची सूचना आली की आदल्या दिवशी खुर्चीची पाण्याची बाटली डिस्टिल्ड पाण्याने भरून ठेवा आणि अल्ट्रासोनिकसाठी वेगळा साठा करा. शुक्रवारी पाणी उशिरा, कमी दाबाने आणि गढूळ येते. थेट नळाला जोडलेल्या खुर्चीची मुख्य झडप उघडण्याआधी नळाचे पाणी स्वच्छ येईपर्यंत वाहू द्या, नाहीतर गाळणी तुंबते आणि एअरोटरच्या बारीक छिद्रांत गाळ बसतो. पाणी कमी पडले की बर (एअरोटरचे कोरणारे टोक) तापतो आणि दाताच्या नसेला इजा होते. म्हणून काम सुरू करण्याआधी फवारा बघायचा.

उपनगरांत टँकर किंवा बोअरचे पाणी असेल तर ऑटोक्लेव्हमध्ये ते एकदाही घालू नका. क्षार जमून हीटर आणि झडपा जातात, अवजारांवर पांढरे डाग पडतात. रोज सकाळी खुर्चीच्या सगळ्या पाइपांतून दोन मिनिटे आणि प्रत्येक रुग्णानंतर २० ते ३० सेकंद पाणी सोडा.

एक्स-रेमध्ये माझा भाग किती?

तयारी, मांडणी आणि नोंद. यंत्र अणुऊर्जा नियामक मंडळाकडे नोंदलेले असावे लागते. मंडळाच्या ई-लोरा पोर्टलवरच्या नोंदणीची प्रत दवाखान्यात असते, ती बघायला मागण्यात गैर काही नाही. १८ वर्षांखालील व्यक्तीला किरणोत्साराचे काम देता येत नाही. प्रशिक्षणापुरती मुभा १६ नंतर असते. कामगारासाठी मर्यादा पाच वर्षांच्या सरासरीने वर्षाला २० मिलिसिव्हर्ट (शरीराला पोचलेल्या किरणोत्साराचे माप) आणि कोणत्याही एका वर्षात ३०. गरोदर असाल तर डॉक्टरांना लगेच सांगा. त्यानंतरच्या काळात बाळापर्यंत १ मिलिसिव्हर्टपेक्षा जास्त पोचू नये असा नियम आहे.

डॉक्टर बटण दाबत असताना नळीच्या रेषेपासून ९० ते १३५ अंशांच्या कोनात आणि किमान दोन मीटर दूर उभे राहा, किंवा भिंतीआड. रुग्णाच्या तोंडात फिल्म किंवा सेन्सर स्वतःच्या बोटाने कधीच धरू नका. लहान मूल असेल तर आई-वडिलांना ॲप्रन घालून धरायला सांगतात.

होल्डरचे रंग लक्षात ठेवले की मांडणी चुकत नाही: पुढच्या दातांना निळा, मागच्यांना पिवळा, बाइटविंगला (वरचे-खालचे दात एकत्र दाखवणाऱ्या चित्राला) लाल. चित्र फसले तर कारण ओळखायला शिका. दात लांबट दिसला तर उभा कोन कमी पडला, आखूड दिसला तर जास्त झाला. दोन दात एकमेकांवर चढले तर आडवा कोन चुकला. कडेला गोल पांढरा तुकडा कापला गेला तर नळी सेन्सरवर मधोमध नव्हती. हे डॉक्टरांना लगेच सांगता आले तर दुसरा फोटो नीट येतो आणि तिसरा काढावा लागत नाही.

आरसीटीच्या (रूट कॅनाल उपचाराच्या) ट्रेवर सर्वांत धोक्याची गोष्ट कोणती?

एकसारख्या दिसणाऱ्या सिरिंज. हायपोक्लोराइट आणि क्लोरहेक्सिडिन ही जंतुनाशके, सलाइन आणि भुलेचे औषध, चारही रंगहीन किंवा जवळपास तसेच दिसतात. हायपोक्लोराइट चुकून भुलेच्या जागी टोचले गेले तर ऊती जळतात, चेहरा सुजतो, रुग्णालयात न्यावे लागते. म्हणून प्रत्येक औषधाला वेगळ्या मापाची सिरिंज ठरवा, भरण्याआधी तिच्यावर लेबल चिकटवा आणि भुलेची सिरिंज या ट्रेवर ठेवूच नका. ती स्वतंत्र किडनी ट्रेमध्ये राहील. हातात देताना नाव मोठ्याने उच्चारा: "हायपो". डॉक्टरांनीही ते परत म्हणावे, अशी सवय लावून घेता येते. हायपोक्लोराइट देताना बाजूने छिद्र असलेली सुई लावलेली आहे ना ते बघा.

हायपोक्लोराइटनंतर थेट क्लोरहेक्सिडिन देऊ नका. दोन्ही मिसळली की तपकिरी-नारिंगी साका तयार होतो आणि दाताच्या मुळातल्या कालव्यात बसतो. मध्ये सलाइन हवे.

फाइलींचे (कालवा घासायच्या बारीक अवजारांचे) रंग मापाप्रमाणे: १५ पांढरा, २० पिवळा, २५ लाल, ३० निळा, ३५ हिरवा, ४० काळा. वापरलेल्या प्रत्येक फाइलचे वळसे उजेडात बघा. कुठे वळसा उघडलेला, ताणलेला किंवा चकाकणारा दिसला तर ती बाद. ती पुन्हा गेली तर कालव्यात तुटते.

ग्लास आयोनोमर (फिलिंगचे सिमेंट) कधी नीट होते, कधी भुसभुशीत. का?

पावडर आणि द्रवाचे प्रमाण. पावडरची बाटली आधी हलवून सैल करा, चमचा भरून बाटलीच्या ओठाला घासून सपाट करा. द्रवाची बाटली पूर्ण उभी धरा आणि पहिला बुडबुडा असलेला थेंब टाकून द्या. बाटली तिरकी धरली की थेंब लहान-मोठा पडतो. द्रव कालवण्याच्या क्षणीच काढायचा, कारण उघडा राहिला की त्यातले पाणी उडते.

पावडरचे दोन भाग करा. पहिला भाग १० सेकंदांत, दुसरा पुढच्या १५ मध्ये, लहान जागेत, प्लास्टिकच्या स्पॅच्युलाने. धातूचा घासला जाऊन सिमेंट काळपट होते. एकूण २५ ते ३० सेकंदांत हातात द्या. देताना पृष्ठभागावर ओली चमक असलीच पाहिजे. चमक गेली म्हणजे दाताला चिकटण्याची ताकद गेली. तेव्हा ते डॉक्टरांना देऊ नका, टाका आणि नवे कालवा. भीड वाटते, पण ते फिलिंग महिन्याभरात पडणारच असते.

अल्जिनेटला (दातांचे माप घ्यायच्या पावडरला) एप्रिल-मेच्या पुण्यात माठातले किंवा फ्रिजमधले पाणी मिसळून पाण्याचे तापमान २० अंशांच्या आसपास आणा. टाकीचे तापलेले पाणी घातले तर ट्रे तोंडात जाईपर्यंतच ते बसायला लागते. माप बाहेर आले की वाहत्या पाण्याखाली धुऊन १ टक्का हायपोक्लोराइटचा फवारा, बंद पिशवीत १० मिनिटे, धुऊन लगेच स्टोन ओता. १०० ग्रॅम डेंटल स्टोनला साधारण ३० मिलिलिटर पाणी. प्लास्टरला ४५ ते ५०. माप टेबलावर उघडे राहिले की आकसते, आणि मग कॅप बसत नाही म्हणून लॅबला दोष दिला जातो.

इम्प्लांटच्या शस्त्रक्रियेत मदत करायला कसे तयार व्हायचे?

"स्वच्छ" आणि "निर्जंतुक" यांतला फरक हाताला लागेपर्यंत सराव करा. गाऊन आणि हातमोजे घातल्यावर हात कमरेच्या वर आणि छातीसमोर. चष्मा सरकवला, दिव्याच्या दांड्याला आवरण नसताना हात लावला, की हातमोजे बदलायचे, कोणी पाहिले नसले तरी.

हाड ४७ अंशांवर मिनिटभर तापले की मरते आणि इम्प्लांट धरत नाही. म्हणून ड्रिल चालू असताना थंड सलाइन अखंड हवे. बाटली किती उरली यावर तुमची नजर, डॉक्टरांची नाही. सक्शन ड्रिलच्या अगदी जवळ नेले तर सलाइन हाडापर्यंत पोचण्याआधीच ओढले जाते. थोडे मागे धरा. इम्प्लांटच्या पृष्ठभागाला हातमोजा, गॉज, सक्शन काहीच लागू देऊ नका. डबीवरचे लॉट क्रमांकाचे स्टिकर रुग्णाच्या फाइलला आणि रुग्णाच्या कार्डाला त्याच दिवशी चिकटवा. दहा वर्षांनी स्क्रू सैल झाला तर तेवढ्यावरून योग्य भाग मिळतो.

सुई टोचली तर?

साबण आणि पाण्याने धुवा. पिळू नका, बोट तोंडात घालू नका, स्पिरिट ओतू नका. डॉक्टरांना त्याच क्षणी सांगा आणि रुग्णाच्या संमतीने त्याची तपासणी करून घ्या. एचआयव्हीचे प्रतिबंधक औषध दोन तासांत सुरू झालेले उत्तम, ७२ तासांनंतर उपयोग नाही, आणि ते २८ दिवस घ्यायचे असते. ससून रुग्णालयात ही सोय आहे. रात्री असेल तर अपघात विभागात जा, सकाळची वाट बघू नका.

हिपॅटायटिस बीची लस ०, १ आणि ६ महिन्यांनी घ्यायची असते. तिसऱ्या डोसनंतर एक-दोन महिन्यांनी रक्तातली प्रतिपिंडे तपासा. १० mIU/ml किंवा जास्त हवीत. २०१६ च्या जैववैद्यकीय कचरा नियमांनुसार कर्मचाऱ्यांना ही लस आणि धनुर्वाताची लस देणे दवाखान्याची जबाबदारी आहे. निःसंकोच मागा. सुईचे टोपण दोन्ही हातांनी कधीच लावू नका. टोपण ट्रेवर ठेवून एका हाताने सुई त्यात सरकवा.

कचऱ्याच्या रंगांत नेहमी काय चुकते?

काढलेला दात आणि रक्ताळलेला कापूस पिवळ्यात. सक्शनचे टोक, हातमोजे, प्लास्टिकची सिरिंज लालमध्ये. सुया, ब्लेड, फाइली, बर पांढऱ्या, सुई आरपार न जाणाऱ्या डब्यात, आणि तो पाऊण भरला की बंद. भुलेच्या काचेच्या बाटल्या निळ्यात. चांदी भरलेला दात पिवळ्यात टाकू नका. भट्टीत पारा हवेत जातो. तो आणि उरलेले अमाल्गम (चांदी-पाऱ्याचे मिश्रण) घट्ट झाकणाच्या डब्यात वेगळे. कचरा ४८ तासांपेक्षा जास्त ठेवता येत नाही, म्हणून दिवाळीच्या सुट्टीआधी गाडी कधी येणार हे विचारून घ्या.

अनुभवाचा पुरावा कसा ठेवायचा?

एक वही. तारीख, कामाचा प्रकार, तुमचा भाग, डॉक्टरांची सही. रुग्णाचे नाव लिहू नका, केस क्रमांक पुरे. महिन्याच्या शेवटी बेरीज: किती सर्जरी, किती आरसीटी, किती स्पोअर टेस्ट. नोकरी सोडताना अनुभव प्रमाणपत्रावर "असिस्टंट म्हणून काम केले" एवढेच नको. कामांची नावे, पूर्णवेळ की अर्धवेळ आणि डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक लिहून घ्या. पगाराचे बोलायचे तेव्हा ही वही समोर ठेवा. इम्प्लांटची ट्रे एकटीने लावते आणि निर्जंतुकीकरणाची नोंदवही सांभाळते, हे दाखवता आले की बोलणे सोपे होते.

ही प्रमाणपत्रे परदेशात चालतात का?

थेट नाही. अमेरिकेत प्रत्येक राज्याचे नियम वेगळे. तिथल्या डेंटल असिस्टिंग नॅशनल बोर्डाच्या सीडीए (सर्टिफाइड डेंटल असिस्टंट) परीक्षेचे तीन भाग आहेत: किरणोत्सार सुरक्षा, संसर्ग नियंत्रण आणि खुर्चीजवळची मदत. तरी जास्तीची कामे करायला राज्याची वेगळी परवानगी लागते. ब्रिटनमध्ये डेंटल नर्सला जनरल डेंटल कौन्सिलकडे नोंदणी सक्तीची आहे. नोंदणीनंतर एक्स-रे, माप घेणे, फ्लोराइड वार्निश यांचे प्रशिक्षण घेऊन कामे वाढवता येतात. जायचे नक्की असेल तर आधी त्या देशाच्या किंवा राज्याच्या मंडळाची पात्रता वाचा, मग पुण्यातला कोर्स निवडा. वहीतली कामे इंग्रजीत टाइप करून त्यावर डॉक्टरांची सही आत्ताच घ्या. दवाखाना बंद झाला किंवा डॉक्टर निवृत्त झाले की ती मिळवणे कठीण जाते.